थेआ फॉन हार्बूच्या मागावर : बर्लिन, बाबेल्सबर्ग, वोल्टर्सडॉर्फ

बेळगावच्या पश्चिमेला बेळगुंदी हे गाव आहे. तिथले अयी गणपत तेंडुलकर शिकायला युरोपात गेले, बर्लिनमध्ये पत्रकार झाले आणि तिथे त्यांची गाठ पडली थेआ फॉन हार्बूशी. वयानं ती त्यांच्यापेक्षा बरीच मोठी. जर्मन मूकपटांच्या ऐन भरात तिच्याइतकं वजन असलेली पटकथाकार जर्मनीत क्वचितच दुसरी होती. ‘मेट्रोपोलिस’ तिचा, ‘डॉक्टर माबुझे’ तिचा, ‘एम’ तिचा. पण या सिनेमांची नावं घेताच लोक फ्रिट्झ लांग म्हणतात. तो दिग्दर्शक, शिवाय तिचा नवरा. कागदावर हे सिनेमे उभे करणाऱ्या बाईचं नाव घेणारे थोडेच. मी मूळची बेळगावची, म्हणून तेंडुलकरांचं नाव घरात ऐकलेलं. त्या नावावरून मी थेआपर्यंत पोचले आणि मग तिचे सिनेमे मिळतील तसे पाहत गेले. भाची पॉट्सडामला शिकायला गेल्यावर ठरवूनच टाकलं की थेआ जिथे जगली, जिथे तिनं काम केलं, त्या जागा पाहायच्या.

गुरुवार : झू स्टेशनचा परिसर

सप्टेंबर संपत आला होता. आभाळ गच्च भरलेलं, पाऊस मात्र नाही. फुटपाथवर चेस्टनटची गुळगुळीत तपकिरी फळं पडलेली आणि शाळेतून परतणारी पोरं ती खिशात भरून नेत होती. भाचीच्या खोलीवर सामान टाकून आम्ही रेल्वेनं झूलॉगिशर गार्टन स्टेशनला आलो. बर्लिनकर नुसतं ‘झू’ म्हणतात.

स्टेशनासमोर झू पालास्ट हे चित्रपटगृह आहे. आताची इमारत १९५७ची. त्याआधी इथे उफा पालास्ट आम झू होतं, उफा या बड्या जर्मन सिनेमा कंपनीचं प्रमुख चित्रपटगृह. १० जानेवारी १९२७ला ‘मेट्रोपोलिस’चा पहिला खेळ तिथे झाला. १५ ऑक्टोबर १९२९ला ‘फ्राउ इम मोंड’, म्हणजे चंद्रावर गेलेली बाई. ११ मे १९३१ला ‘एम’. तिन्हीच्या पटकथेत थेआचा हात. नोव्हेंबर १९४३च्या बाँबहल्ल्यात ते चित्रपटगृह गेलं. जवळच कैसर विल्हेल्म चर्चचा तुटका मनोरा आहे, तो तेव्हाच्या माऱ्याची खूण म्हणून तसाच ठेवला आहे. त्याच्याकडे पाहिलं की चित्रपटगृहाचं काय झालं असेल ते सांगावं लागत नाही.

‘फ्राउ इम मोंड’बद्दल दोन वाक्यं लिहायलाच हवीत. यान सुटण्याआधी उलटे आकडे मोजायचे, दहा, नऊ, आठ, ही पद्धत जगानं पहिल्यांदा या सिनेमात पाहिली. तो मूकपट, त्यामुळे आकडे पडद्यावर लिहून आले. सल्लागार होते हेरमान ओबर्ट, अग्निबाणांच्या शास्त्रातलं मोठं नाव. कादंबरी थेआची, पटकथाही तिचीच.

झूजवळच्या एका टपरीवर कार्टोफेलपुफर खाल्ले. किसलेल्या बटाट्याचे कुरकुरीत थालीपिठासारखे घावन, सोबत सफरचंदाचा गोड गर. टपरीवाल्या काकूंनी आम्ही कुठून आलो ते विचारलं. भाचीनं सांगितलं, आत्या भारतातून आली आहे, जुन्या सिनेमांसाठी. त्यावर काकू म्हणाल्या की त्यांची आजी उफाच्या स्टुडिओत गर्दीतली बाई म्हणून उभी राहायची, त्या दिवशी घरी गरम जेवण व्हायचं. सिनेमा कुठला ते त्यांना ठाऊक नव्हतं. ‘मेट्रोपोलिस’मध्ये हजारो माणसं गर्दी म्हणून वापरली होती हे पुस्तकात वाचलं होतंच. त्यातलंच एखादं घर समोर बोलताना ऐकलं आणि त्या आकड्याला वजन आलं.

शाकाहारी मंडळींसाठी : कार्टोफेलपुफर बहुतेक आठवडी बाजारांत मिळतात. काही ठिकाणी ते चरबीत तळतात, तेव्हा आधी विचारून घ्या.

शुक्रवार : बाबेल्सबर्ग आणि पॉट्सडाम

सकाळी ग्रीबनिट्झझे स्टेशनला उतरलो. एका बाजूला तळं, दुसऱ्या बाजूला जुने बंगले. १९४५च्या पॉट्सडाम परिषदेच्या वेळी ट्रुमन, चर्चिल आणि स्टालिन याच वसाहतीत उतरले होते. तिथून आउगुस्ट बेबेल श्ट्रासं या रस्त्यानं स्टुडिओकडे चालत निघालो. हवा कोरडी आणि गार होती, चालायला छान.

बाबेल्सबर्गचा स्टुडिओ १९१२पासून चालू आहे. इथे पहिलं चित्रीकरण झालं ते डॅनिश नटी आस्टा नील्सनच्या सिनेमाचं. १९२६मध्ये भला मोठा चित्रीकरणाचा हॉल बांधला गेला. त्याला आता नटी मार्लेन डीट्रिखचं नाव आहे. आजही इथे सिनेमे बनतात, त्यामुळे आत सहज जाता येत नाही. शेजारी फिल्मपार्क आहे, तो लहान मुलांना घेऊन जाण्यासाठी. इतिहासासाठी आलेल्यांनी तिथे वेळ न घालवता पॉट्सडामचं संग्रहालय गाठावं, असं माझं मत.

स्टुडिओच्या कुंपणाशी उभं राहून मला रोटवांग आठवत होता. ‘मेट्रोपोलिस’मधला तो शोधक, एक हात धातूचा, ज्याची प्रिया शहराच्या मालकाकडे गेली आणि तिथेच वारली. तो तिच्या आठवणीत यंत्राची बाई घडवतो. ही भूमिका केली रुडॉल्फ क्लाइन रोगंनं, आणि तो थेआचा पहिला नवरा. त्याला सोडून तिनं १९२२मध्ये लांगशी लग्न केलं. म्हणजे ज्याची बाई दुसऱ्या पुरुषानं नेली आहे असा माणूस एका बाईनं लिहिला, तो साकारायला तिचा पहिला नवरा, आणि चित्रित करायला दुसरा. त्या काळच्या बर्लिनच्या सिनेमाजगात तिघांनीही हे निभावलं. लांगच्याच ‘माबुझे’तही मुख्य खलनायक क्लाइन रोगंच. ‘मेट्रोपोलिस’चा नायक फ्रेडर, त्या भूमिकेत गुस्टाव फ्रोलिशला घ्यायला तिनंच सुचवलं होतं. पटकथाकार घरी बसून लिहून देते आणि मोकळी होते, असं तिचं नव्हतं.

‘मेट्रोपोलिस’चा गाभा तिच्या एका वाक्यात आहे : डोकं आणि हात यांच्यामध्ये मध्यस्थ हवा तो हृदयाचा. लांगनं म्हातारपणी हा विचार भाबडा ठरवला. सिनेमा मात्र त्या वाक्यावरच सुरू होतो आणि त्यावरच संपतो. मला तो भाबडा वाटला तरी शेवटच्या दृश्यात कामगारांचा मुकादम आणि मालक यांचे हात जुळताना पाहून पोटात हलतं. चलनवाढीनं घरं धुऊन निघालेल्या देशात तेव्हा हे लिहिणं सोपं नव्हतं.

दुपारी पॉट्सडामला आलो. चित्रपट संग्रहालय राजेशाही तबेल्यात आहे, इमारत १६८५ची. दारावर घोडे आणि त्यांना आवरणारी माणसं दगडात कोरलेली. आत उफाच्या काळातली खोली आहे, पण आम्ही मुख्यतः आलो होतो संध्याकाळच्या खेळासाठी. इथे वेल्टे कंपनीचा १९२९चा सिनेमा ऑर्गन आहे, आणि त्याच्या साथीनं मूकपट दाखवतात. त्या संध्याकाळी होता ‘डेर म्युडे टोड’, थकलेला मृत्यू, १९२१चा.

इथे थोडं थांबून लिहिते, कारण सगळ्या सहलीत हा मला सगळ्यात मोलाचा वाटला. एका तरुणीचा प्रियकर मृत्यू घेऊन जातो. मृत्यूनं स्मशानाशेजारी जमीन घेऊन उंच भिंत बांधली आहे, तिला दार नाही. ती मुलगी आत शिरते आणि तिला दिसते मेणबत्त्यांची खोली. जितकी माणसं तितक्या मेणबत्त्या. मृत्यू ओंजळीत एक ज्योत उचलतो, ज्योतीचं तान्हं बाळ होतं, क्षणभर तो त्याला धरतो, बाळ विरून जातं. लगेच दुसऱ्या दृश्यात एक आई आपल्या मेलेल्या लेकरावर कोसळलेली. यात एकही शब्द नाही. ऑर्गनवाल्यानं इथे एकच खालचा सूर धरून ठेवला, आणि पुढच्या रांगेतल्या आजोबांनी चष्मा काढला.

पटकथेची रचना सहा कडव्यांची आहे, लोकगीतासारखी, आणि तशी पडद्यावर लिहिलेलीही येते. मधल्या तीन गोष्टी बगदाद, व्हेनिस आणि चीनमधल्या. प्रत्येकीच्या पाट्यांची अक्षरं वेगळ्या वळणाची. शेवटी मृत्यू मुलीला सांगतो, तासाभरात दुसरा जीव आणून दे, तुझा माणूस परत देतो. ती म्हाताऱ्याकडे जाते, भिकाऱ्याकडे जाते, आजाऱ्यांकडे जाते. कुणी एक श्वासही द्यायला तयार होत नाही. आग लागलेल्या घरात तिला एक तान्हं मूल सापडतं. मृत्यू हात पुढे करतो. ती मूल खिडकीतून खाली सोडून त्याच्या आईला देते, आणि मृत्यूला म्हणते, मला ने. लेखिका म्हणून हा शेवट इतका पक्का आहे की दुसरा सुचत नाही. हॉलिवुडचा नट डग्लस फेअरबँक्सनं या सिनेमाचे अमेरिकेतले हक्क घेतले आणि तो तिथे उशिरा येऊ दिला. दरम्यान त्यातली जादूच्या गालिच्याची कल्पना त्याच्या स्वतःच्या बगदादच्या सिनेमात आली.

खेळानंतर त्याच आजोबांशी बोलणं झालं. निवृत्त शिक्षक. त्यांनी विचारलं, तुम्हाला माहीत आहे का, ती बाई याच सिनेमामुळे मेली. माहीत होतं. १९५४मध्ये बर्लिनमध्ये ‘डेर म्युडे टोड’चा खेळ होता, थेआला सन्मानानं बोलावलेलं. बाहेर पडताना ती पडली, कमरेला मार लागला, आणि १ जुलैला ती गेली. वय ६५. आजोबा म्हणाले, पण लांगचा सिनेमा चांगला होता. भाची पटकन म्हणाली, दोघांचा. आजोबांनी मान डोलावली आणि ‘दोघांचा’ असं स्वतःही म्हटलं.

टिपा : संग्रहालय सोमवारी बंद असतं. ऑर्गनचे खेळ रोज नसतात, त्यांचं वेळापत्रक आधी पाहून तिथला दिवस ठरवावा. पॉट्सडाम तिकिटाच्या सी झोनमध्ये येतं, म्हणून एबीसी झोनचं दिवसाचं तिकीट काढा आणि फलाटावरच्या यंत्रात शिक्का मारायला विसरू नका. बर्लिनमधलं जर्मन सिनेमाचं संग्रहालय पॉट्सडामर प्लात्सच्या जुन्या इमारतीतून हललं आहे, तेव्हा जुनं प्रवासी पुस्तक घेऊन तिकडे जाऊ नये.

शनिवार : वोल्टर्सडॉर्फ, बर्लिनजवळचं हिंदुस्थान

वोल्टर्सडॉर्फ बर्लिनच्या पूर्वेला. एस ३ गाडीनं रान्सडॉर्फ, तिथून ८७ नंबरची ट्राम. ट्राम १९१३पासून चालते. जंगलातून जाते, झाडं इतकी जवळ की फांद्या काचेला लागतात. सकाळी धुकं होतं आणि शेवटच्या थांब्यावर, धरणद्वारापाशी, ऊन पडलं. तिथे दोन तळ्यांमध्ये उचलता येणारा पूल आहे. होडी आली की पूल उभा राहतो आणि रस्त्यावरची माणसं निवांत थांबतात.

इथे यो माय या निर्मात्यानं १९२१मध्ये ‘डास इंडिशे ग्राबमाल’, हिंदुस्थानी समाधी, या सिनेमासाठी देवळं, राजवाडा, वाघांचं अंगण असं सगळं उभं केलं. मूळ कादंबरी थेआची, १९१८ची. पटकथा थेआ आणि लांगची. लांगला दिग्दर्शनही करायचं होतं, पण मायनं ते स्वतःकडे ठेवलं. गोष्ट अशी : एश्नापूरचा महाराजा युरोपातून एक वास्तुशिल्पी बोलावतो, समाधी बांधायला, जी त्याच्या जिवंत राणीसाठी आहे. तिनं दगा दिला म्हणून. महाराजा झाला कोनराड फाइट, आणि योगी झाला बेर्नहार्ड गोएट्स्के, जो त्याच वर्षी ‘थकलेला मृत्यू’ही होता.

टेकडीवरच्या मनोऱ्यात या गावातल्या चित्रीकरणाबद्दलचं छोटं प्रदर्शन आहे. पायऱ्या चढून वर गेलं की खाली तळी आणि बिर्चची रानं. फोटोत त्याच रानामागे देवळाचे कळस दिसतात. लिहिताना तिनं हिंदुस्थान पाहिलेला नव्हता आणि ते कळतं. योगी पुरून घेतात, चमत्कार करतात, राजा क्रूर आहे. आपण भारतीय प्रेक्षक म्हणून इथे ओशाळतो, थोडं चिडतोही. मीही चिडले, आणि म्हणूनच पुढचं मला विशेष वाटतं : कागदावर बनवलेल्या हिंदुस्थानानंतर दहाएक वर्षांनी तिच्या आयुष्यात खरा हिंदुस्थानी माणूस आला, तोही बेळगुंदीचा. लांगला ते कळलं. १९३३मध्ये घटस्फोट झाला. नाझी सत्तेत परदेशी, गौरेतर माणसाबरोबर संसार करणं धोक्याचं, तरी ती तेंडुलकरांबरोबर राहिली. लग्न गुपचूप झालं असं सांगतात. बर्लिनमधल्या भारतीय विद्यार्थ्यांना तिनं मदत केली. युद्धाच्या तोंडावर तेंडुलकर भारतात परतले आणि १९४५मध्ये गांधीजींच्या आशीर्वादानं त्यांचं लग्न इंदुमती गुणाजी यांच्याशी झालं. त्यांच्या मुलीनं या सगळ्यावर इंग्रजीत पुस्तक लिहिलं आहे, मराठी वाचकांनी ते शोधून वाचावं.

मनोऱ्यातून उतरून पुलाजवळ कांद्याचा केक आणि फेडरवाइसर घेतलं. फेडरवाइसर म्हणजे अजून आंबत असलेली नवी वाइन, गढूळ आणि गोड, फक्त शरद ऋतूत मिळते. बाटलीचं झाकण घट्ट बसवलेलं नसतं, नाहीतर फुटते, म्हणून ती उभीच न्यायची असते. दुकानदारानं हे बोटानं करून दाखवलं. बाटली मी घेतली नाही, तिथेच प्यायलो.

हिंदुस्थान आणि जर्मन स्टुडिओ हा संबंध एवढाच नाही. प्रभातच्या ‘सैरंध्री’ची रंगीत छपाई करायला व्ही. शांताराम १९३३मध्ये जर्मनीत आले. रंग मनासारखे आले नाहीत, पण जर्मन स्टुडिओ त्यांनी पाहिले, आणि १९३४च्या ‘अमृतमंथन’मधल्या प्रकाश आणि सावल्यांत त्याची सावली दिसते. थेआचं काम तेव्हा चालू होतं. या दोघांची भेट झाली असती तर, असं मनात येतं.

रविवार : हेअरस्ट्रासंची दफनभूमी

रविवारी जर्मनीत दुकानं बंद, फुलांची दुकानं मात्र बऱ्याचदा काही तास उघडी असतात. यू २ मेट्रोनं ऑलिम्पिया स्टेडियमला उतरून चालत गेलो. थेआची कबर असलेली ही दफनभूमी पाइनच्या रानात आहे आणि मधोमध एक तळं, काठाकाठानं कबरी उतरत जातात. रविवारी सकाळी पाणी घालायला आलेल्या बायका झाऱ्या भरत होत्या. इथले झारे सार्वजनिक, वापरून परत टांगायचे. एका बाईंनी आम्हाला फाटकाजवळचा नकाशा दाखवला, कुणाला शोधता ते विचारलं, आणि नाव ऐकताच म्हणाल्या, हो, मेट्रोपोलिस. बोटानं दिशा दाखवली.

कबरीपाशी आमचा वाद झाला. मी फुलं आणली होती, तर भाची म्हणाली, ‘आत्या, मी फुलं नाही ठेवणार. ती नाझी पक्षाची सभासद होती.’ ते खरं आहे. लांग निघून गेला, ती राहिली. १९३७चा ‘डेर हेरशर’ तिनं सहलेखनात लिहिला, आणि तो पक्षाच्या विचारांना पोषक सिनेमा आहे. युद्धानंतर ब्रिटिशांनी तिला छावणीत ठेवलं, मग तिनं बर्लिनचे ढिगारे उपसले. भारतीय विद्यार्थ्यांच्या मदतीसाठी पक्षात आले, असं तिनं नंतर सांगितलं. १९३१मध्ये गर्भपाताच्या कायद्याविरुद्ध हीच बाई जाहीरपणे उभी राहिली होती, हे मी सांगितलं. भाची म्हणाली, एकानं दुसरं पुसत नाही. मी म्हटलं, ‘नाही पुसत. पण दोन्ही लिहायचं, आणि सिनेमांवरचं नाव खोडायचं नाही.’ मग मी अर्धी फुलं ठेवली. उरलेली भाचीनं मागून घेतली आणि त्याच दफनभूमीत असलेल्या गेओर्ग ग्रोस या चित्रकाराच्या कबरीवर ठेवली. तो अमेरिकेला निघून गेला, नाझींनी त्याची चित्रं बदनाम केली, आणि शेवटी तो परत आला. दोन्ही ठिकाणी मी उभी होते, आणि मला दोन्ही योग्य वाटलं.

तिच्या मृत्यूनंतर पाचेक वर्षांनी लांगनं ‘हिंदुस्थानी समाधी’ पुन्हा बनवली, यावेळी उदयपूरला जाऊन, रंगीत, दोन भागांत. श्रेयनामावलीत कादंबरीकार म्हणून तिचं नाव आहे.

जायचं असेल तर : वोल्टर्सडॉर्फ उघड्या हवेत पाहण्याजोगं, त्यासाठी हवामानाचा अंदाज पाहून दिवस निवडा आणि मनोरा उघडा आहे का ते विचारा. दफनभूमीत फाटकाच्या वेळा ऋतूप्रमाणे बदलतात, संध्याकाळी उशिरा जाऊ नका. सिनेमांचा क्रम विचाराल तर आधी ‘डेर म्युडे टोड’, मग ‘एम’, आणि ‘मेट्रोपोलिस’ शेवटी. ‘मेट्रोपोलिस’ची २०१०मध्ये जवळपास पूर्ण केलेली आवृत्तीच पाहा. २००८मध्ये ब्युनोस आयर्सला १६ मिलिमीटरची जुनी प्रत सापडली, आणि तिच्यामुळे इतकी वर्षं हरवलेले प्रसंग परत आले. आधीच्या कापलेल्या आवृत्तीत रोटवांगला त्याच्या प्रियेचं दुःख उरतच नाही, त्यामुळे तो नुसता वेडा शास्त्रज्ञ वाटतो.